पखुर्डीची वेळ

पखुर्डी हा पक्षी मी हैदराबादेत कधी पाहिला नाही. शहरात तो असण्याचं कारणही नाही. त्याला उघडा, कोरडा माळ लागतो आणि दिवसातून एकदा पाणी. आकाराने पारव्याएवढा, रंगाने मातीसारखा. माळावर बसला की ढेकूळ कोणतं आणि पक्षी कोणता, हे कळत नाही. उर्दूत त्याला भटतीतर म्हणतात. मराठीत त्याला पखुर्डी म्हणतात, हे एका सरकारी तक्त्यात माझ्या बामुळे लागलं. त्याबद्दल मी आजवर कोणाला सांगितलं नव्हतं.

ती वर्षं राज्याच्या वाटणीची होती. हैदराबाद राज्याचे भाषेप्रमाणे तीन भाग व्हायचे ठरले होते. कचेऱ्यांतून माणसांची, कपाटांची, दफ्तरांची वाटणी चालली होती. व्हरांड्यात भेटणारा जो तो एकच विचारायचा, "तुमचं कुठं?" मी नामपल्लीजवळच्या एका कचेरीत कारकून होतो. बी.ए. होऊन वर्षच झालं होतं. आमच्या घरात शाळेत गेलेला मी पहिला. तालुक्याच्या शाळेतल्या मास्तरांनी माझा हात धरून मला वसतिगृहात नेऊन सोडलं नसतं, तर मी आज हे लिहीत नसतो. त्यांचे उपकार मी विसरलो नाही.

आमच्याकडे शिकारीच्या परवान्यांचं काम होतं. जुने नियम उर्दूत होते. ते तिन्ही राज्यांकडे जाण्याआधी पक्ष्यांची नावं उर्दू, तेलुगू, मराठी आणि कानडी अशा चारही भाषांत लिहून एक तक्ता करायचा होता. शेवटचा रकाना होता 'मतलब व इस्तेमाल', म्हणजे अर्थ आणि वापर. आमचे पेशकार, म्हणजे विभागाचे मुख्य कारकून, जुन्या वळणाचे गृहस्थ होते. पुस्तकातून उचललेलं नाव ते लावून घेत नसत. ज्याने तो पक्षी डोळ्यांनी पाहिला आहे आणि ते नाव तोंडाने वापरलं आहे, असा जिवंत साक्षीदार समोर बसवायचा, त्याच्याकडून वदवून घ्यायचं, आणि नावापुढे त्याची सही नाहीतर अंगठा घ्यायचा. नंतर एक अक्षर बदलायचं झालं तरी तोच साक्षीदार हजर पाहिजे. म्हणून आमच्या जिन्यात त्या दिवसांत पारधी, कोळी, कोंबड्या विकणारे असे लोक बसलेले असत.

मराठी रकाना माझ्याकडे आणि परभणीकडच्या एका सहकाऱ्याकडे होता. ते माझ्याहून दहा वर्षांनी मोठे होते आणि मनाने चांगले होते. मलकपेठेत त्यांच्या चुलतभावाच्या घरात एक खोली त्यांनीच मला मिळवून दिली होती. खोली घेताना त्या चुलतभावाने आडनाव विचारलं. मी गावाच्या नावाला 'कर' लावून सांगितलं. त्याने पुढे विचारलं नाही, मीही बोललो नाही. विचारलं तेवढं सांगितलं, यात खोटं काही नाही, असं मी स्वतःला समजावत असे. आम्ही तेव्हा कागदावर महार लिहीत होतो. त्या घरात हे कळलं असतं तर खोली राहिली नसती.

भटतीतरापुढे मराठी रकाना कोरा होता. सहकारी म्हणाले, "अहो, आमच्याकडं याला नावच नाही. लिहा रानतित्तर आणि मोकळे व्हा."

मी म्हणालो, "नाव आहे. पखुर्डी."

पेशकारांनी मान वर केली. "गवाह कौन?"

"मेरे वालिद."

"लाओ."

बा तेव्हा माझ्याकडेच होता. खोकला जात नव्हता म्हणून मी त्याला दवाखान्यात दाखवायला आणलं होतं. मलकपेठेच्या त्या घरात अंगणात नळ होता आणि सकाळी सहापासून सगळे बिऱ्हाडकरू त्यावर पाणी भरत. पहिल्या दिवशी मी उठलो तर बा रिकामी बादली पुढ्यात घेऊन दारात बसलेला.

"बा, जा की. नळ मोकळाच आहे."

"भरू दे त्यांना."

"इथं कोणी विचारत नाही."

"म्हणूनच म्हणलं, भरू दे."

ऊन पायरीवर आलं, नळावर कोणी उरलं नाही, तेव्हा तो उठला. "झाली पखुर्डी," म्हणाला आणि बादली घेऊन गेला. घरमालकाची बायको त्या दिवशी मला म्हणाली, "तुमचे वडील फार सभ्य आहेत हो. बायामाणसांची गर्दी सरेपर्यंत थांबतात." मी हो म्हणालो.

दुसऱ्या दिवशी मी त्याला कचेरीत नेलं. माझा धुतलेला सदरा त्याला घातला, तो खांद्यात सैल होत होता. जिना चढताना तो दोनदा थांबला. सहकारी त्या वेळी जागेवर नव्हते. शेजारच्या इमारतीत बदल्यांची यादी लागली होती, ती पाहायला गेले होते. पेशकारांनी बाला खुर्ची दाखवली. तो बसेना. शेवटी पेशकारच म्हणाले, "बैठो बड़े मियाँ, कुर्सी सरकार की है, मेरे बाप की नहीं." तेव्हा तो काठावर टेकला.

पेशकारांना मराठी येत नव्हती. ते उर्दूत विचारत, मी मराठीत बाला विचारी, बा सांगे, आणि ते मी उर्दूत सांगे.

पक्षी कसा दिसतो, कुठे राहतो, काय खातो, हे झालं. बाने सांगितलं, पिलं अंड्यातून निघाली की नर पाण्यात पोट बुडवून बसतो, भिजलेल्या पिसांतून पाणी घेऊन माळावर जातो आणि पिलं त्याच्या पोटाखाली शिरून ते पितात. मी ते सांगितल्यावर पेशकार इतके हसले की त्यांनी चष्मा काढला. "परिंदा है कि भिश्ती?" पखालीतून घरोघर पाणी टाकणारे भिश्ती आम्ही सगळ्यांनीच पाहिले होते. बाही हसला. त्याला हसताना खोकला आला.

"और इस्तेमाल? बोलचाल में?"

मी बाला विचारलं, "हा शब्द आपल्या बोलण्यात कसा येतो?"

बाने हात मांडीवर ठेवले आणि नीट सांगायला सुरुवात केली. "उन्हाळ्यात वढ्याला एकच डोह राहायचा. गाव आधी भरून जायचं. गाव हाय तवर पाखरू उतरत नसतंय, त्याला मानसाचं भ्याव. दिवस कासराभर वर आला, गाव गेलं, की मंग पखुर्ड्या पान्यावर यायच्या. आमच्या बाया लांब वडाखाली घागरी घेऊन बसलेल्या. पाखरं उतरली की समजायचं, आता डोहावर कुनी न्हाई, आता आपला नंबर. त्याला पखुर्डी झाली म्हनायचं. मंग पुढं कशालाबी म्हनाय लागलो. लग्नाच्या जेवनाला बसलो तरी, अजून आपली पखुर्डी व्हायचीय."

जिन्यावर सहकाऱ्यांच्या चपलांचा आवाज आला. तो आवाज मी ओळखत होतो. ते जरा पाय घासत चालत.

मी पेशकारांना उर्दूत म्हणालो, "सकाळच्या एका वेळेला पखुर्डी म्हणतात. हे पक्षी पाण्यावर येतात ती वेळ."

"बस?"

"बस."

पेशकारांनी तेवढंच लिहिलं. शाईची पेटी पुढे सरकवली. बाने अंगठा दिला. सहकारी आत आले. "अरे वा, हे वडील का तुमचे? नमस्कार, काका." बाने दोन्ही हात जोडले. अंगठ्याची शाई त्याच्या दुसऱ्या तळव्याला लागली.

नामपल्लीहून मलकपेठेच्या बसमध्ये बसल्यावर माझ्या लक्षात आलं. बाने आयुष्यभर अंमलदारांच्या शिकारीत हाकारा घातला होता. जनावर कुठे आहे, बार कधी काढायचा, हे तो त्यांना त्यांच्याच भाषेत सांगायचा. लहानपणी मी त्याच्या तोंडून उर्दू ऐकली होती, शाळेत शिकण्याच्या आधी. कचेरीत मी जे सांगितलं ते त्याला सगळं समजलं होतं. शिकलेला मी आणि अडाणी तो, हे माझ्या डोक्यात इतकं पक्कं बसलं होतं की मला ते आठवलंच नाही.

मी त्याच्याकडे पाहिलं. तो अंगठा धोतराला पुसत होता.

"बा, च्या घ्यायचा का उतरल्यावर?"

"घेऊ की."

चहा घेताना तो एवढंच म्हणाला, "तुझा सायब चांगला हाय. खुर्ची दिली." त्याबद्दल पुढे आमच्यात कधी बोलणं झालं नाही. चार दिवसांनी मी त्याला गाडीत बसवून दिलं. महिन्याभराने चुलत्याचं पत्र आलं. पत्र मिळेपर्यंत बाला जाऊन सहा दिवस झाले होते. मी गावी गेलो, राहिलेलं केलं आणि परत आलो. मला रडू आलं नाही. तेव्हाही नाही, नंतरही नाही. कामावर आलो तर मेज होतं तिथेच होतं, फक्त कपाटं निम्मी झाली होती.

आलो त्याच दिवशी मी पेशकारांसमोर उभा राहिलो. तक्ता अजून इथेच होता, मराठी पानं दोन दिवसांत बांधायची होती. मी म्हणालो, पखुर्डीपुढे थोडं राहिलं आहे, ते लिहायचं आहे.

"गवाह को लाओ."

"वह गुज़र गए."

त्यांनी टाक खाली ठेवला. मग म्हणाले, "उस दिन बड़े मियाँ इत्ता लंबा बोले और तुम इत्तासा लिखाए. मैं समझ्या, लड़का थक गया." त्यांनी तक्ता काढून पुढे ठेवला. "कायदा मैं नहीं तोड़ता जी. बाप की गवाही में बेटा नहीं घुस सकता. तुम अपनी गवाही दो. तुमने देखा है? वहाँ का पानी पिये हो?"

"हौ."

"फिर लिखो. नीचे अपना नाम लिखो."

सहकारी समोरच बसले होते. या वेळी ते कुठे गेलेले नव्हते, आणि मराठी रकान्यात काही भर पडली तर त्यावर त्यांचीही सही लागायची. मला हे ठाऊक होतं. मी बाच्या अंगठ्याखाली मराठीत लिहिलं: 'उन्हाळ्यात गावाचं पाणी भरून झाल्यावर हे पक्षी डोहावर उतरतात. ते उतरले की महारवाड्यातल्या बायका पाण्याला निघतात. या आमच्या पाळीला पखुर्डी म्हणतात. आपली पाळी यायची आहे, या अर्थानेही वापरतात.' खाली माझं नाव लिहिलं आणि कागद सहकाऱ्यांपुढे ठेवला.

त्यांनी तो दोनदा वाचला. एकदा पटकन, एकदा हळू. मग सही केली आणि टीपकागद दाबला. "अक्षर चांगलं आहे तुमचं," म्हणाले. दुपारी रोज ते "चला, डबा उघडा" म्हणत. त्या दिवशी त्यांनी लवकरच खाऊन घेतलं होतं. तीन दिवसांनी माझ्याकडे न पाहता म्हणाले, "भावाकडं पाहुणे येणार आहेत बरं का. खोली लागेल त्यांना." मी म्हणालो, "हो, करतो रिकामी." त्यांचा आवाज कठोर नव्हता. पुढच्याच आठवड्यात ते पानांचे गठ्ठे घेऊन नव्या राज्याच्या कचेरीत रुजू व्हायला गेले. निघताना त्यांनी सगळ्यांशी हात मिळवले, माझ्याशीही.

तो तक्ता पुढे कुठे गेला, मला माहीत नाही. त्यावरून कोणी नियम छापले असतील तर त्यात फक्त नाव असेल, शेवटचा रकाना कोण छापतो? मी इथेच राहतो असं लिहून दिलं. गावी आता चुलत्याखेरीज कोणी उरलं नव्हतं.

नारायणगुड्याला एका तेलुगू बाईंच्या घरी मला खोली मिळाली. या वेळी मी जात आधीच सांगितली. त्या दाराच्या चौकटीला टेकून ऐकत होत्या. मग विचारलं, "चूल्हा कि स्टोव्ह? चूल्हे का धुआँ नक्को मेरेकु." मी म्हणालो, स्टोव्ह. त्यांनी किल्ली दिली.

दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांनी अंगणातून "नीळ्ळु!" अशी हाक मारली, म्हणजे नळाला पाणी आलं. मी बादली घेऊन बाहेर गेलो. पुढे दोन माणसं होती, मी तिसरा. ऊन अजून आलेलं नव्हतं. माझा नंबर आला, मी बादली नळाखाली धरली. काही वाटलं नाही. बादली भरली, ती उचलली आणि मागच्या माणसाला जागा दिली.