फिटलेल्या खोल्या

सुजाताचा फोन आला तेव्हा मी उंबऱ्यात बसून एका ब्लाउजला हूक लावत होते. "मावशी, आई गेली," एवढंच ती बोलली. अशा वेळी माणसाच्या तोंडून काय निघेल याचा नेम नसतो. मी विचारलं, "कोणत्या खोलीत गं?" पलीकडं लेकरू म्हणालं, "सैपाकघरात. चहाचं आधण ठेवलं होतं." आणि खोटं कशाला सांगू, एवढ्या दुःखातसुद्धा मला घडीभर बरं वाटलं. म्हणलं, चला, सैपाकघर तरी तिचं होतं... मग आठवलं, की तेही नव्हतं.

हे तुम्हाला कोड्यासारखं वाटेल, म्हणून पहिल्यापासून सांगते. कमल आणि मी एका गावच्या, एका वस्तीतल्या. ती शाळेत गेली, मी शेरडांमागं गेले. ती नर्स झाली, पुसेगावला सरकारी दवाखान्यात लागली. मी लग्न होऊन आखाडा बाळापूरला आले आणि शिलाई मशीनवर बसले. लिहायला-वाचायला मी किराण्याच्या पुड्यांवरून शिकले. अक्षर अडलं की पुडी जपून ठेवायची आणि कमल आली की तिच्यापुढं धरायची. ती हसायची. "शांते, तुझा अभ्यास संपला की भज्याचा वास येतो." दोघींचेही मालक लवकर गेले. तिला एक लेक, सुजाता. मला एक लेक, एक सून, तीन नातवंडं, आणि सगळ्यांना मिळून दोन खोल्या. माझी सून वाईट नाही. पण दोन खोल्यांत सहा माणसं राहिली की चांगली माणसंही एकमेकांच्या पायात येतात.

कमलनं हिंगोलीत, स्टेशनच्या पलीकडं नवीन प्लॉट पडले होते तिथं घर घ्यायचं ठरवलं. चार खोल्यांचं. सगळं कर्जावर. कर्ज मिळवून दिलं दिलीपनं. हा दिलीप पुसेगावचा, कमलच्या शेजारच्या घरातला. त्याचा जन्मच तिच्या हातावरचा. त्याची आई अडली होती तेव्हा कमल सबंध दिवस तिच्या उशाशी बसली होती. पुढं तो शिकला आणि घरकर्ज देणाऱ्या एका खासगी कंपनीत लागला. कमलला मावशी म्हणायचा, मलाही मावशीच म्हणायचा. कागदांचा गठ्ठा घेऊन आला तेव्हा मी तिथंच होते. कमलनं त्याला पोहे दिले आणि एकच विचारलं, "दिलीप, बाबा, हप्ता वाढत तर न्हाई ना पुढं? माझा पगार किती, तुला तर माहीत हाय." तो म्हणाला, "मावशी, जगात काही बी होऊ दे, तुमचा हप्ता हाय तेवढाच राहील. म्या हाय ना!" कमलनं कागद बाजूला सारले. "तू हायेस म्हणूनच करून राहिले," म्हणाली, आणि तो बोट दाखवेल तिथं सह्या केल्या.

आता कमलचा हिशोब ऐका. वीस वर्षांचं कर्ज, चार खोल्या. म्हणजे पाच वर्षांला एक खोली. हप्ता भरला की ती असं म्हणायची नाही की कर्ज फेडून राहिले, म्हणायची, "सध्या बैठक फेडून राहिले." पाच वर्षं झाली आणि बैठक फिटली. मला बोलावणं आलं. बैठकीला आकाशी रंग दिला, बुद्धमूर्ती मांडली, दोघींनी त्रिशरण म्हणलं, आणि वर शेवयाची खीर. मग सैपाकघर फिटलं. त्याला हळदीचा पिवळा. मग तिची निजायची खोली फिटली, तिला गुलाबी. "या वयात गुलाबी?" मी म्हणलं. "काहून? खोली तर आजच आपल्यात आली. तान्ही हाय ती."

आणि एक नेम. न फिटलेल्या खोलीत खिळा ठोकायचा नाही. परक्याच्या भिंतीला भोक पाडू नये, असं तिचं म्हणणं. राहिली होती ती मागची खोली, आणि मागची खोली माझी होती. ती फिटली की मी बाळापूर सोडून तिच्याकडं राहायला यायचं, हे घर घेतलं तेव्हापासूनचं आमचं ठरलेलं. खिडकीखाली माझी मशीन बसणार, शेजारच्या बायांचे ब्लाउज मिळणार, संध्याकाळी दोघी ओट्यावर. तोपर्यंत त्या खोलीला नुसता पांढरा हात मारलेला आणि भिंती कोऱ्या. मी मुक्कामाला गेले की माझी पिशवी खाली फरशीवर.

"अगं, एक खिळा मार. पिशवी काय डोक्यावर घिऊन झोपू?"

"घे की. डोकं रिकामंच हाय तुझं."

"बैठकीतल्या खिळ्याला लावते मग."

"लाव. पोचली तर!"

कमल चांगली उंचीपुरी होती आणि घरातले सगळे खिळे तिच्या उंचीचे. मी टाचा उचलून, जीभ दाताखाली धरून पिशवी अडकवायची आणि ती लांब उभी राहून हसायची. बुटकी म्हणायची मला. म्हातारपणीसुद्धा.

कमल रिटायर झाली. फंडाचे पैसे हातात आले. तिनं ठरवलं, शेवटची पाच वर्षं थांबायचंच कशाला? उरलेली एक खोली एकदम फेडून टाकू आणि शांताला आणू. त्या दिवशी आम्ही दोघी कंपनीच्या ऑफिसात गेलो. तिनं ठेवणीतली पांढरी साडी नेसली होती. पिशवीत पेढे. दिलीपची तोवर नांदेडला बढती झाली होती. काउंटरला एक तरणी, गोड पोरगी होती. कमल तिला म्हणाली, "बाळा, चार आण्याचं कर्ज राह्यलंय, आज मिटवायचं." पोरीनं कॉम्प्युटरमध्ये बघितलं. मग कमलकडं बघितलं. मग पुन्हा कॉम्प्युटरमध्ये. "आजी, चार आणे नाही... निम्म्याहून जास्त मुद्दल बाकी आहे तुमचं."

कमल हसली. तिला वाटलं, पोरगी दुसऱ्या कुणाचं नाव बघून राहिली.

पोरगी भली होती. तिनं खुर्ची ओढून आम्हाला समजावलं. हप्ता आला की त्यातून आधी व्याज कापून घेतात, उरेल ते मुद्दलात जातं. पहिल्या वर्षांत मुद्दल मोठं, म्हणून व्याज मोठं, म्हणून उरतं ते चिमूटभर. पुढं पुढं ते वाढत जातं. पण तुमचा दर बदलता होता. दर चढला, तेव्हा हप्ता तेवढाच ठेवला आणि वर्षं वाढवली. मग त्या हप्त्यात मुद्दलाला आणखीच कमी उरलं. कमलनं विचारलं, "म्हणजे वीस वर्षं नव्हती?" "तेव्हा होती, आजी. आता पुढं वाढली ती. मोबाइलवर मेसेज पाठवले होते तुम्हाला." मेसेज आले असतील. इंग्रजीतले. कमल त्यात एवढंच बघायची, हप्ता पोचला ना? रक्कम तीच आहे ना? रक्कम तीच होती.

मग मीच विचारलं, आजवर एकूण किती भरलं. जेवढं उचललं होतं त्याच्या दीडपटीहून जास्त भरून झालं होतं. आणि तरी निम्म्याहून जास्त घर कंपनीचं. फंडाचे पैसे त्याला पुरत नव्हते.

बाहेर आलो. पेढ्यांची पिशवी तशीच तिच्या हातात. आमच्या हिंगोलीत हळद कोणाला सांगायची गरज नाही. रानातून गाडीभर ओली निघते. शिजवून, वाळवून, घासून हातात येते ती थोडीशी. कमल रस्त्यात उभी राहून म्हणाली, "शांते, म्या ओली हळद मोजत होते गं. त्यायनी वाळलेली मोजली." मला तेव्हा दिलीपचा एवढा संताप आला, की म्हणलं, चल नांदेडला, त्याच्या दारात बसू. तर कमल म्हणाली, "बसून काय म्हणशील? तो म्हणला होता हप्ता वाढणार न्हाई. वाढला का?"

हेच मला अजून गिळता येत नाही. कोणी खोटं बोललं असतं तर भांडता तरी आलं असतं.

घरी येऊन ती कितीतरी वेळ पिवळ्या भिंतीला टेकून बसली. म्हणाली, "ह्या भिंतीला रंग दिला म्या. खीर खाऊ घातली तुला. लोकाच्या घरात." मी म्हणलं, अगं, घर तर तुझ्याच नावावर हाय. नंतर फंडातले बरेचसे पैसे तिनं मुद्दलात भरले. पण हप्ता चालूच राहिला आणि पेन्शनीत तो बसेना. मग ती एका खासगी दवाखान्यात कामाला लागली. सगळी उमर उभं राहून काढलेली बाई, पाय सुजलेले, पुन्हा ड्युटीवर उभी. सुजाताला सांगू दिलं नाही. लेकीला सांगायची, घरी बसून करमत नाही. आणि मला म्हणाली, "तू आता येऊ नको शांते राह्याला. खोली फिटली न्हाई."

"मला फिटलेली कशाला पायजे? मला काय खोली खायची हाय?"

"न्हाई म्हणलं ना."

मी रुसले. कमलला कंपनीनं फसवलं हे खरं. पण मला तर कमलनंच फसवलं असं वाटायला लागलं. इतक्या वर्षांचा शब्द होता तिचा. मी सुनेला सांगून बसले होते, मशीन कुठं बसणार ते नातवंडांना सांगून बसले होते. मग फोन कमी झाले. ती करायची, मी हूं-हूं करायची. पुढं पुढं तीही ड्युटीवरून दमून यायची. आणि एका सकाळी आधण ठेवलं, आणि गेली.

पुण्यानुमोदनाला दिलीप आला. पांढरा सदरा, मोठी गाडी. कमलच्या फोटोपुढं गुडघे टेकून रडला, आणि ते रडणं खोटं नव्हतं, हे मी डोळ्यांनी बघितलं. जेवणं झाल्यावर त्याला मी ओट्यावर गाठलं.

"दिलीप, खरं सांग. हप्ता वाढणार न्हाई म्हणलास, तवा वर्षं वाढत्यात हे तुला ठाऊक होतं का रे?"

त्यानं खाली बघितलं. "ठाऊक होतं, मावशी."

"मंग काहून न्हाई सांगितलं?"

"कमलमावशीनं हप्त्याचंच विचारलं. जे विचारलं तेवढंच सांगावं, असं आमाला शिकवलेलं. जास्त सांगितलं की गिऱ्हाईक घाबरतं."

"ती गिऱ्हाईक होती का रे तुझी?"

त्याच्या हातात खिरीची वाटी होती, ती त्यानं तशीच खाली ठेवली. मला वाटलं होतं त्याला चार शिव्या घालाव्या. पण ज्या पोराला तिनं पहिला श्वास घेताना बघितलं, त्यानं तिला गिऱ्हाईक म्हणलं, यापुढं शिवी काय घालायची... म्हणून मी हे लिहायला बसले. तुमचं घर कर्जाचं असेल तर हप्ता किती एवढ्यावर थांबू नका. दरवर्षी जाऊन विचारा, मुद्दल किती उरलं आणि वर्षं किती उरली. दर चढला तर वर्षं वाढवू देऊ नका. एक वेळ कमी खा, पण हप्ताच वाढवून द्या. आणि आपला माणूस आहे म्हणून कागद बाजूला सारू नका. आपला माणूस आहे म्हणूनच त्याला दोनदा विचारा.

सुजाता आता घर विकून राहिली. दुसरा इलाज नाही. तिचा स्वतःचा फ्लॅट कर्जावर आहे, दोन हप्ते तिला पेलणार नाहीत. कंपनीचं देऊन जे उरेल ते उरेल. तिनं मला बोलावलं, "मावशी, आईच्या साड्या बघून घ्या, भांडी बघून घ्या." गेल्या आठवड्यात गेले. बैठक आकाशी, सैपाकघर पिवळं, निजायची खोली गुलाबी, सगळं जिथल्या तिथं. आधणाचं भांडं पालथं घातलेलं. मागच्या खोलीत जायचा मला धीर होत नव्हता. सुजाताच म्हणाली, "मावशी, पिशवी आत ठेवा ना, हातात काहून धरली?"

आत गेले. भिंती तशाच पांढऱ्या. खाली वाकून पिशवी फरशीवर ठेवायला लागले, आणि भिंतीत एक खिळा दिसला. नवा, चकचकीत. भोवती जरा पोपडा उडालेला; तिला कधी नीट ठोकता आला नाही.

"हा कोणी ठोकला गं?"

"आईनं. ती जायच्या महिनाभर आधी आले होते मी, तेव्हा. म्हणलं, आई, हा असा खाली काहून ठोकून राहिलीस? कामाचा न्हाई तो. तर म्हणाली, तुझ्या न्हाई कामाचा. अन् म्हणाली, शांताला आत्ता सांगू नको, ती रुसलीये, येईल तवा बघंल."

सुजाता बाहेर गेली. मी तिथंच उभी. बाहेर कोणीतरी घर बघायला आलं होतं, खोल्या किती म्हणून विचारत होतं, आणि सुजाता सांगत होती, चार. मी पिशवी उचलली आणि त्या खिळ्याला लावली.

टाचा उचलाव्या लागल्या नाहीत.