जुना पाटा, नवा पाटा

आमची मोटार डावीकडे झुकलेली होती आणि त्यात राजकारण काहीही नव्हतं. मागच्या डाव्या चाकावरचा पाटा थकला होता, एवढंच. पाटा म्हणजे एकावर एक रचलेल्या पोलादी पट्ट्यांची कमान. तिच्यावर मोटारीचं ढुंगण टेकलेलं असतं (याहून सभ्य शब्द मला मेकॅनिकनंही सांगितला नाही). आमच्या पाट्याची कमान पार सपाट झाली होती आणि वरच्या पट्टीला टोकाशी चीर गेली होती. मोटार जुनी आणि विलायती, मी वकील नवा आणि देशी. दारात मोटार उभी असली की पक्षकाराला धीर येतो, असं माझं मत होतं. पण गाडीत शेजारी बसवला की बोलता बोलता मी त्याच्या अंगावर कलायचो आणि तो बिचारा दोन्ही हातांनी खिसा सांभाळायचा!

तरीही मी ती तशीच तिरकी हाकत राहिलो असतो. पण मध्ये साराकाकी आली.

पनवेलला आमच्या भिंतीला भिंत लागून रूबेनकाका आणि साराकाकीचं घर. बेने इस्रायली, म्हणजे मराठी ज्यू कुटुंब. काका सरकारी कचेरीतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झालेले आणि काकी स्वयंपाकघरातून निवृत्त व्हायला अजिबात तयार नसलेली. माझं अर्धं लहानपण तिच्या ओट्यावर गेलं. आईनं मारलं की मी तिच्याकडे पळायचो आणि तिनं मारलं की आईकडे. त्यांचा मुलगा इस्रायलला जाऊन स्थिरावला होता आणि आता त्यानं या दोघांना कायमचं बोलावून घेतलं होतं. सोमवारी मुंबईहून बोट होती.

"वसंता," काकी एकदा म्हणाली, "मी लग्न होऊन या आळीत आले ती खटाऱ्यातून. तोही पुलाजवळ मोडला. शेवटचा रस्ता शालू खोचून चालत आले रे! जाताना तरी मला मोटारीतून जायचंय. सगळी आळी बघत असताना."

"काकी," मी छाती फुगवून म्हणालो, "थेट बोटीच्या शिडीपाशी नेऊन उतरवतो!"

आता आली का पंचाईत! गावातला भरवशाचा मेकॅनिक नेमका लग्नाला गावी गेलेला. नवा पाटा मी एका मित्राकरवी मुंबईहून मागवून घेतला होता. तो पोत्यात शिवलेला आला, तसाच ओट्यावर पडला होता. मग बसवायला मेकॅनिक कशाला हवा? मी कायद्याची एवढी कलमं पाठ केली होती, चार बोल्ट मला भारी होते काय?

"आई," मी जाहीर केलं, "उद्या पाटा बदलणार आहे."

"कशाला?" आई कडाडली. "चांगला काळाकुळीत दगड आहे. टाकी लावून घेतली की आणखी वीस वर्षं वाटण वाटेल."

"अगं, मोटारीचा पाटा!"

"मोटारीत पाटा असतो?" आई थक्क झाली. "मग वरवंटा कुठे असतो?"

"तो स्टिअरिंगवर बसतो," भिंतीपलीकडून रूबेनकाकांचा आवाज आला.

शुक्रवारी कोर्टाला दांडी मारून मी कामाला लागलो. जॅक लावून मोटार उचलली, खाली बाभळीचे ओंडके सरकवले आणि पाठीवर पोतं पसरून आत शिरलो. काका खुर्ची टाकून देखरेखीला बसले.

"डावीकडे फिरव!"

"कुणाच्या डावीकडे, काका?"

"मोटारीच्या!"

"मी मोटारीखाली उताणा पडलोय!"

"मग तुझ्या उजवीकडे. नाही, थांब. तुझं डोकं कुठल्या बाजूला आहे?"

माझं डोकं कुठे आहे हा प्रश्न त्या दिवशी पुष्कळांनी विचारला. अखेर रॉकेल ओतून, ठोकून, शिव्या घालून (काकांकडे तीन भाषांमधल्या होत्या) जुना पाटा सुटला. गंजलेला, चिखलानं लडबडलेला. आता काकांची देखरेख माझ्या सहनशक्तीपलीकडे गेली होती. त्यांना काहीतरी उद्योग द्यावा म्हणून मी म्हणालो, "काका, हा जरा पुसून ठेवता का? पट्ट्या कशा रचल्यात ते मला नीट दिसेल."

आयुष्यातला हा माझा सर्वांत महागडा 'जरा'. काकांच्या घरी शुक्रवारी शब्बाथच्या (सूर्यास्तापासून दिवसभर कामाला हात न लावण्याच्या सुट्टीच्या) तयारीत सगळी भांडी लख्ख घासायचा शिरस्ता होता. काकांनी पाटा परसात नेला तो थेट त्या भांड्यांच्या रांगेत! रॉकेल, राख, चिंच, काथ्या, सगळं झालं. मी मात्र मोटारीखाली होतो. आसाला पाटा आवळून धरणाऱ्या बोल्टांपैकी एकावर मी जरा मनापासून हातोडा घातला आणि त्याचे दोन तुकडे माझ्या छातीवर पडले. बाहेर आलो तोवर सूर्य मावळतीला टेकला होता.

"वसंता, मी चाललो," काका हात पुसत म्हणाले. "शब्बाथ सुरू होईल. उद्या संध्याकाळपर्यंत तुझ्या मोटारीचं मला काही सांगू नकोस."

शनिवारी पहाटेच्या एस.टी.नं मी नवा बोल्ट आणायला मुंबईला निघालो. जाताना अर्धवट झोपेतल्या आईला बजावलं, "आज ओवे गावचा धर्मा लोहार येईल. जुना पाटा त्याला देऊन टाक. कोयते करायला मागत होता. बदल्यात तुला नवी विळी करून देणार आहे." विळी म्हणताच आई खडबडून जागी झाली. आमच्या विळीनं भेंडीसुद्धा चिरायची सोडून दिली होती.

एका बोल्टासाठी मी अख्खी मुंबई पालथी घातली आणि रात्री परत येऊन आडवा झालो. रविवारी सकाळी उठून ओट्यावर बघतो तर काय! पाटा नुसता चमकत होता. त्यात तोंड पाहून दाढी करावी! मुंबईचा माल तो मुंबईचा माल, असं म्हणत मी तो उचलला, आत शिरलो आणि घामाच्या धारा लागेपर्यंत खपून बसवला. एकही बोल्ट तुटला नाही. भोकं जागच्या जागी जुळली. इतकी जुळली की मला स्वतःच्याच हुशारीची भीती वाटली.

ओंडके काढले. जॅक हळूहळू उतरवला. आई, काका, काकी, तिघंही हात जोडल्यासारखे उभे. मोटार खाली आली आणि निवांतपणे डावीकडे झुकली.

"वसंता," काकी म्हणाली, "ही अजून कलतेय रे."

"जमीन उतरती आहे, काकी."

काकांनी लोटाभर पाणी जमिनीवर ओतलं. पाणी उजवीकडे गेलं.

"नवा पाटा आहे, बसायला वेळ लागणार," मी वकिली बाणा सोडला नाही. "आणि तसं पाहिलं तर प्रत्येक मोटार थोडी कलतेच. आपण सरळ म्हणतो ती केवळ सवय." खालच्या कोर्टात हा युक्तिवाद टिकला असता. पण तेवढ्यात आळीच्या तोंडाशी धर्मा लोहार दिसला. खांद्यावर गाठोडं आणि चेहऱ्यावर बाप झाल्याचा आनंद!

"वकीलदादा, काय लोखंड दिलाव तुमी!" त्यानं गाठोडं सोडलं. आत नवेकोरे कोयते आणि बाभळीच्या पाटावर बसवलेली एक धारदार विळी. "आमी जल्मभर भट्टीवर हाय, पन जुन्या पाट्यात असला दम कदी नाय बगितला. तापवला तरी वाकाला नाय मागं! वरचा काला तेल पुसला नि काय सांगू, आतून कोरा करकरीत!"

"कोरा?" माझा आवाज मला ओळखू येईना.

"पोत्यातून काडला तसा कोरा. कागदाची चिट्टी पन व्हती चिकटवलेली."

मी आईकडे पाहिलं.

"माझ्याकडे काय बघतोस?" आई म्हणाली. "एक पोत्यात बांधलेला, काळाकुट्ट, तेलकट. एक ओट्यावर चांदीसारखा लखलखीत. कुणीही शहाणं माणूस काळा तोच जुना म्हणणार!"

मी काकांकडे वळलो. काकांचा चेहरा अभिमानानं फुलला होता. "म्हणजे माझं घासणं इतकं चांगलं झालं होतं? शुक्रवारी जाताना ओट्यावर ठेवला तो मीच!"

"काका, तुम्ही काल इथेच बसला होतात ना?"

"बसलो होतो. पण मोटारीकडे पाठ करून. तिच्याकडे बघितलं की हात शिवशिवतात, आणि काल शनिवार."

थोडक्यात, पाटा बदलण्याचं काम मी निर्दोषपणे पार पाडलं होतं. जुना काढला आणि जुनाच बसवला!

"धर्मा, याचा परत पाटा नाही का होणार?"

धर्मानं गंभीरपणे विचार केला. "व्हईल की. पन मंग गाडी रस्त्यानं भात कापत जाईल."

यावर आई हसली, काका हसले, धर्मा तर खाली बसूनच हसला. काकी मात्र हसली नाही. ती पायरीवर बसली होती. "असू दे रे," ती म्हणाली. "एस.टी. आहे की." आणि तिनं पदरानं उगाचच पायरी पुसली. मला त्या क्षणी मोटारीखाली जाऊन पडावंसं वाटलं आणि कुणीतरी जॅक काढून घेतला असता तरी मी तक्रार केली नसती. तिनं आयुष्यात माझ्याकडे मागितलेली ही एकच गोष्ट होती.

"धर्मा," मी म्हणालो, "जुन्याला टेकू दे. काहीही कर, पण उद्या ही गाडी गेली पाहिजे."

मोडक्या पायाला फळ्या बांधतात तशी धर्मानं त्या पाट्याला बांबूची कांब लावली आणि वरून काथ्याची दोरी आवळली. "बैलगाडीला आमी असाच करताव," तो म्हणाला. "फकस्त बैलाला हलू चालवा." मी मोटारीला हळू चालवायचं कबूल केलं.

सोमवारी सकाळी सगळी आळी दारात. ट्रंका उजवीकडे, काकी माझ्या बरोब्बर मागे उजवीकडे, काका तिला खेटून उजवीकडे. डावी बाजू मोकळी. काकीनं ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं, अंबाड्यात अबोलीचा गजरा होता. तिनं घराच्या चौकटीला हात लावून तो हात ओठांना लावला आणि मोटारीत चढली. मी इंजिन सुरू केलं. मोटार निघाली! काकी खिडकीतून हात हलवत होती, बायका डोळे पुसत होत्या, आणि मी आरशात तिचा चेहरा बघत होतो. इतकी खुशीत ती मला कधीच दिसली नव्हती. आळीच्या वळणापर्यंत सगळं असं झकास चाललं होतं.

वळणावर 'कडाड' झालं. मोटार डावीकडे बसली, मग आणखी बसली, आणि काकी ट्रंकेसकट काकांच्या मांडीवर आली.

मग मागून काकीचा आवाज आला, "पोचलो?"

आणि ती हसायला लागली. हसता हसता रडली, रडता रडता परत हसली. तेवढ्यात मागून तांदळाच्या गिरणीचा ट्रक आला आणि आमच्या मोटारीनं रस्ता अडवल्यामुळे थांबला. ड्रायव्हरनं मान बाहेर काढली. "काकी, मुंबैला ना? या, फुडं बसा. आमी हाय ना!"

काकी आणि काका पुढे चढले. "ही बरी आहे," काकी वरून म्हणाली. "सरळ चालेल." मी आणि ट्रंका मागे पोत्यांवर. ट्रक हलणार तोच आई धावत आली. तिच्या हातात जुन्या लुगड्यात गुंडाळलेली नवी विळी होती. केवढी वाट पाहिली होती तिनं त्या विळीची!

"तिकडे नारळ मिळतो का ते मला ठाऊक नाही," आई म्हणाली. "पण विळी चांगली असू दे हाताशी." दोघींनी खिडकीतून एकमेकींचे हात धरून ठेवले. ड्रायव्हर तेवढा वेळ समोरच्या काचेवरचा नसलेला डाग पुसत बसला.

गोदीत कस्टमच्या साहेबानं सामान तपासायला घेतलं. लुगड्याचं गाठोडं उघडल्यावर तो थबकला. "हे काय, आजी? फार धारदार दिसतंय."

"मोटार," काकी म्हणाली.

"काय?"

"मोटार आहे. याची." तिनं माझ्याकडे बोट दाखवलं. "बाकीची पनवेलला आहे, वळणावर."

साहेबानं माझ्याकडे पाहिलं. केसांत तांदळाचा कोंडा, हाताला कोपरापर्यंत काळं वंगण, डोळे लाल. त्याला काय वाटलं कोण जाणे, पण त्यानं पुढे काही न विचारता गाठोड्यावर खडूची खूण केली आणि जाऊ दिलं.

काकी शिडीपाशी थांबली, माझ्या केसांतला कोंडा तिनं झटकला आणि वर गेली. गाठोडं तिनं हमालाकडे दिलं नाही, काखेतच धरलं. बोट सुटेपर्यंत मी धक्क्यावर उभा होतो. साराकाकीला बोटीपर्यंत मोटारीनं नेईन म्हणालो होतो. ते काही मला जमलं नाही. शेवटी काकीच माझी मोटार बोटीनं घेऊन गेली!