लाल दिव्याशी बोलणारी मुलगी

साताऱ्याच्या भिंतींवर आमच्या नाटकाची पोस्टरं लागली होती: 'टीव्हीवरची लाडकी बालतारका प्रथमच रंगमंचावर!' तेव्हा साताऱ्यात टीव्ही कुणाच्या घरी? आणि बालतारका, म्हणजे मी, सतरा वर्षांची घोडी झालेली. तरी ती बया मुद्दाम एसटी स्टँडवर दोन फेऱ्या मारून आली. कुणी ओळखलं नाही. एका शेंगावाल्यानं विचारलं, "काय हरावलंय का, ताई?"

दहाव्या वर्षी मी मुंबईच्या टीव्ही केंद्रात मुलांच्या कार्यक्रमात काम करू लागले. ज्या कॅमेऱ्यावर लाल दिवा पेटेल तो चालू. त्याच्याकडे बघायचं, गोड हसायचं, हळू बोलायचं. माइक डोक्यावरच लोंबायचा. मग उंची वाढली, मुरमं आली आणि बोलावणी थांबली. आईनं ओळखी काढून हे नाटक मिळवलं. मोठ्या मुलीची पहिलीच भूमिका. हे गेलं असतं, तर माझ्याकडे मिरवायला जुने फ्रॉकच उरले असते.

साताऱ्याला दुसऱ्या अंकात मला बापाला विनवायचं होतं, की हे लग्न नको. समोर काळोख. नजर लाल दिवा शोधत फिरली आणि सापडला की! दारावर 'बाहेर' लिहिलेला. मी रडूनरडून त्या दाराला विनवलं. बापाचं काम करणारे नट माझ्या पाठीमागे हात पसरून उभे.

"आवं, पोरगी कुनाशी बोलतीया? दारात कोन हाय?" मागून कुणीतरी ओरडलं.

"आवाज बी न्हाई!"

लोक हसले. मला वाटलं, गोड दिसतेय म्हणून हसतायत.

दुसऱ्या दिवशी सांगलीला जाताना उंब्रजला बस चहासाठी थांबली. दिग्दर्शक आईला म्हणाले, "वहिनी, सांगलीकर नाटक कोळून प्यालेत. आज शेवटच्या रांगेला ऐकू आलं नाही, तर कोल्हापूरला हिचं काम दुसरी करेल."

दुसरी, म्हणजे नाटकात माझी मैत्रीण होणारी. ती पुढच्या बाकावर खिडकीबाहेर बघत ओठ हलवत होती. वाक्यं माझी होती.

आईचा चहा तसाच निवला. "दाराकडे बघायचं नाही."

"नाही बघत."

"बापाकडे बघायचं."

"बघते गं."

कराड मागे पडेपर्यंत हेच चाललं होतं.

सांगलीत दुसरा अंक आला. मी बापाकडे बघितलं, तर त्यांच्या खांद्यावरून तसाच मेला 'बाहेर'चा लाल दिवा! मान आपोआप तिकडे गेली. विंगेत मैत्रीण पदर खोचून तयार. "बाबा…" मी म्हणाले आणि पुढचं इतकं हळू, की प्रॉम्प्टरला वाटलं मी विसरले. त्यानं ते वाक्य माझ्यापेक्षा मोठ्यानं म्हटलं. मागून टाळी पडली, ती त्याला.

आणि वीज गेली. रंगमंच, हॉल, दारावरचा दिवा, सगळं विझलं. खुर्च्या करकरल्या, लोक उठू लागले. विंगेतून दिग्दर्शकांचा आवाज आला, "पडदा टाका." तो पडला असता तर माझ्या कामावरच पडला असता.

तेवढ्यात पार मागून एक बाई ओरडली, "ए पोरी, हायेस का गेलीस? म्होरं काय म्हनलीस बापाला?"

तिला उत्तर देणं भाग होतं. ती लांब होती, म्हणून मी ओरडले. "बाबा, मला हे लग्न नको!" अंधारात बापाचा हात लागला, तो मी असा आवळला की ते "आई गं!" करून कळवळले. लोकांना तो अभिनय वाटला. मध्येच मी "ऐकू येतंय ना?" असंही विचारलं म्हणे. नाटकात ते वाक्य नाही.

"येतंय की! बोल तू!" बाई म्हणाली. खुर्च्या गप्प झाल्या. पडदा टाकला नाही. माझं बोलणं संपता संपता पेट्रोमॅक्सची बत्ती आली, तेव्हा बाईनं शेरा मारला, "आता नवरा ऐकूनच पळून जातोय बग!"

दिवे आले. लाल दिवाही पेटला. बघितला नाही असं म्हणणार होते, बघितला. पण पुढची वाक्यं बोलले बापाशीच.

पुढे आयुष्यभर मी नाटकांत आधी नायिका, मग आया, मग सासवा केल्या, आणि सगळ्या मोठ्यानं बोलणाऱ्या. पण सांगलीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी कोल्हापूरच्या बसमध्ये पुढच्या बाकावरचे ओठ मिटलेले होते, एवढंच मी बघितलं. मग खिडकीच्या काचेत स्वतःकडे बघून गोड हसून घेतलं. खोड, दुसरं काय!