मुलाखत विल्सनची, फुगे माझे

आता काय सांगू तुम्हाला, अख्ख्या अमेरिकेसमोर मी माझी शोभा करून घेतली, तीही गाऊन घालून, डोक्याला तेल चोपडून! पण सुरुवातीपासून सांगते, नाहीतर तुम्ही म्हणाल म्हातारी उगाच फेकते.

तर मस्कत नावाच्या नगरात, अल् घुब्रा नावाच्या पेठेत, तिसऱ्या मजल्यावरच्या भाड्याच्या फ्लॅटात एक म्हातारी राहत होती. तिला एक मुलगा, विल्सन, हॉटेलात कुक. एक सून, ग्लोरिया, हॉस्पिटलात नर्स. एक नात, रिया, उंचीनं बापाच्या कानाला लागलेली आणि हातात सदानकदा चेंडू. चौघं सुखानं राहत होती. ती म्हातारी म्हणजे मीच, वसईची मर्सी.

मग आला कोरोना. विल्सनचं हॉटेल बंद. ग्लोरियाची ड्युटी दुप्पट. आणि रियाचं बास्केटबॉलही बंद! म्हणजे तिची शाळेतली टीम तर बंद झालीच, पण अमेरिकेतल्या ज्या टीमसाठी ती जीव टाकायची, त्यांचाही खेळ भर सीझनमध्ये थांबला. पोरीनं जेवण टाकलं. मी म्हटलं, "अगं, तुझ्या बापाचं काम गेलं तेव्हा तू दोन चपात्या जास्त खाल्ल्यास!"

पण बापाचं काम ही हसण्यावारी न्यायची गोष्ट नव्हती हो. हॉटेलवाल्यांनी सांगितलं होतं, परत उघडू तेव्हा थोड्याच लोकांना घेऊ, आधी टॅबवर मुलाखत. नाही घेतलं तर व्हिसा खलास. विल्सन माझ्यासकट वसईला, सून आणि पोरगी इथे. घराचे दोन तुकडे.

"फोन कधी येईल रे?" मी विचारायचे.

"कधीपण येईल, आई. आज, उद्या. हॉल जरा नीट ठेव. आणि कोणी साहेब दिसला तर आधी मला हाक मार."

हे शेवटचं वाक्य लक्षात ठेवा. मी नाही ठेवलं.

जुलै संपता संपता रियाचा चेहरा उजळला. खेळ परत सुरू! पण कसा? सगळ्या टीमना एकाच जागी कोंडलेलं. तिथेच खायचं, तिथेच झोपायचं, रोज नाकात काडी घालून तपासायचं, बाहेर पाऊल नाही.

"म्हणजे आपल्यासारखंच की," मी म्हटलं.

"आजी, ते मिलियन डॉलरवाले आहे!"

"मग काय झालं? कोंडलेला तो कोंडलेलाच."

बघायला माणसं मात्र नाहीत. म्हणून त्यांनी मैदानाच्या कडेला भिंतीएवढे पडदे लावले. लोकांनी आपापल्या घरी टॅबसमोर बसायचं, आणि तिकडे पडद्यावर त्यांची तोंडं दिसायची. रियानं कुठे कुठे नाव घालून तिथली एक खुर्ची मिळवली. तिच्यासाठी तर तो चर्चमधल्या पहिल्या कम्युनियनचा सोहळाच! टीमचा निळा टी-शर्ट घातला, केस बांधले. मला वाटलं टीव्ही बघणार असेल. भिंतीएवढ्या पडद्याचं ती बोलली होती, पण मी तेव्हा कोळंबी सोलत होते. अर्ध्या कानानं ऐकलं.

तिकडे दुपार, म्हणजे इकडे आमची रात्र. प्रार्थनेची माळ म्हणून झाली होती. विल्सन कांदे आणायला खाली गेलेला. ग्लोरिया ड्युटीवर. मी स्वयंपाकघरात फुगे तळत होते. फुगे माहीत आहेत ना? आमच्या वसईच्या ख्रिस्ती घरातला सणाचा पदार्थ. मैदा नारळाच्या दुधात भिजवून आंबवायचा, मुठीत धरायचा आणि अंगठ्याजवळून पिळून गोळा कढईत सोडायचा. टम्म फुगतो. त्या दिवशी सण नव्हता, पण घरात सगळ्यांचे चेहरे इतके सुतकी होते की म्हटलं निदान काहीतरी फुगू दे.

तेवढ्यात दार वाजलं. रिया चार्जर मागायला शेजारी पळाली होती. टॅबची बॅटरी संपत आलेली. ते मला कुठे ठाऊक? मी ताट घेऊन हॉलमध्ये आले, तर टेबलावर टॅब पाण्याच्या जगला टेकवून ठेवलेला, आणि त्यातून रांगेत बसलेली माणसं माझ्याकडे बघतायत!

सगळ्यांचे शर्ट निळे. एकसारखे!

आता तुम्हीच सांगा, एकसारखे शर्ट कोण घालतं? हॉटेलवाले! कोपऱ्यात काहीतरी पळत होतं, पण माझा चष्मा स्वयंपाकघरात. वरच्या चौकोनात कानाला यंत्र लावलेली एक पोरगी. माझ्याकडे बघून हात हलवून गोड हसली आणि म्हणाली, "वेलकम!"

झालं! वेलकम कोण म्हणतं? विल्सन बारा गावच्या हॉटेलांत राबलाय, सगळीकडे दारात एक पोरगी उभी असते आणि वेलकम म्हणते. साहेब आले आणि पोरगा कांदे निवडतोय!

हाक मारायची? मारली असती. पण खिडकीपर्यंत जाईपर्यंत साहेब उठून गेले तर? मी गाऊन सारखा केला, खुर्चीत बसले आणि माझ्या मोडक्या हिंदीत सुरू झाले.

"नमस्ते साब लोग! विल्सन अभी आता. मैं उसका माँ."

त्यांनी टाळ्या वाजवल्या! का वाजवल्या ते नंतर कळलं, तिकडे कोणीतरी चेंडू टोपलीत घातला होता. मला वाटलं, माझं बोलणं आवडलं.

"बहोत सीधा लडका है. दारू नहीं, सिग्रेट नहीं. फॅमिली मत तोडो साब. लडकी छोटी है."

यावर एकानं दोन्ही हात डोक्यावर मारून घेतले. दुसऱ्यानं तोंड झाकलं. त्यांचा चेंडू गेला होता, पण मला भरून आलं. म्हटलं, किती कनवाळू माणसं!

आता आमच्यात रीत अशी, दारात आलेला माणूस रिकाम्या तोंडी परत जात नाही. मग हे तर अर्बाब, म्हणजे इथले मालक! मी एक फुगा उचलला आणि पडद्याला नेऊन लावला.

"लो साब, खाओ. विल्सनने बनाया. उसके हाथ जैसा फुगा पूरे मस्कत में नहीं!"

अहो, विल्सननं जन्मात फुगा केला नव्हता. पण आई मुलाच्या मुलाखतीत आणखी काय बोलणार?

ते सगळे उठून उभे राहिले. "ग्रँडमा! ग्रँडमा!" ओरडायला लागले. यंत्रवाली पोरगी हसून हसून लालबुंद. मी एकेका चौकोनाला फुगा भरवत सुटले. एक दाढीवाल्याला, एक टकल्याला. टकल्यानं तर तोंड उघडलं! मी त्याला दोन दिले.

तेवढ्यात रिया चार्जर घेऊन दारात.

"आजीऽऽ! तू काय केला!"

"हळू बोल, बाबाचे साहेब आहेत!"

"कोणता साहेब? ती माझी मॅच आहे! हे सगळे आमच्या टीमचे फॅन आहे, आणि ती त्यांना बसवणारी!"

मागून विल्सन कांद्याची पिशवी घेऊन. "काय झालं?"

रियानं टीव्ही लावला. नुकतंच झालेलं तिथे परत परत दाखवत होते. आणि मी पाहिलं. आमच्या टीमचा ताडासारखा खेळाडू. त्याला कोणीतरी ढकललेलं, म्हणून एकट्यानं निवांत उभं राहून चेंडू टाकायची संधी दिलेली. समोर टोपली. टोपलीमागे भिंतीएवढा पडदा. पडद्यावर मी! तेलाचं डोकं, गाऊनची फुलं, आणि बैलगाडीच्या चाकाएवढा फुगा. तो बिचारा चेंडू उचलतो, वर बघतो, आणि फुगा त्याच्या अंगावर येतो.

पहिला चेंडू हुकला. दुसऱ्या वेळी तर तो कमरेला हात लावून हसतच सुटला. तोही हुकला.

रियाची टीम एका पॉइंटानं हरली.

पोरगी आतून कडी लावून बसली. विल्सन सोफ्यावर बसला, कांदे मांडीवर. मी म्हटलं, "बाबा, निदान ते हॉटेलवाले तर नव्हते ना?" तो हसला की रडला, मास्कमुळे समजलंही नाही.

सकाळपर्यंत माझा फुगा मोबाईलवरून वसईला पोचला, तिथून इथल्याच रुस्ताक गावी ग्लोरियाच्या भावाकडे, तिथून परत आमच्या बिल्डिंगच्या वॉचमनकडे. तो मला बघून सलाम करून म्हणाला, "माँजी, हमको भी खिलाओ!" मी लिफ्टमध्ये तोंड लपवून उभी राहायचे.

आणि तिसऱ्या दिवशी खरा फोन आला. विल्सन टाय लावून त्याच खुर्चीत. मला स्वयंपाकघरात कोंडलं, रिया दाराला पाठ लावून पहाऱ्यावर! मॅनेजर सालेम अर्बाब, ओमानी माणूस, पण हिंदी आपल्यापेक्षा फर्मास. मी भिंतीला कान लावला.

"विल्सन, वो फुगावाली माँ तुम्हारी है?"

विल्सन म्हणाला, "जी अर्बाब. माफ करना."

"माफ क्या? मेरे बच्चे तीन दिन से हँस रहे हैं! उसने बोला, तुमने बनाया. फ्रायडे ब्रेकफास्ट में रखेंगे. बना लोगे?"

मी आत बसून येशूला हाक मारली. विल्सन म्हणाला, "इन्शाल्ला, अर्बाब."

"यल्ला, चलो फिर, संडे से आ जाओ!"

रियानं दार उघडलं आणि माझ्या गळ्यात पडली. हरलेल्या मॅचनंतर पहिल्यांदा.

गोष्ट इथे संपायला हवी होती. पण विल्सनला फुगे कुठे येतात? दोन दिवस घरात पीठच पीठ. त्याच्या मुठीतून निघायचे ते शेपटीवाले. एक तर हुबेहूब पाल! शेवटी त्यानं अर्बाबला खरं सांगून टाकलं. अर्बाब म्हणाला, "तो माँ को ले आओ, एक दिन सिखा देगी."

तर गुरुवारी मी हॉटेलात. मास्क, टोपी, पांढरा कोट. दारातली पोरगी म्हणाली, "वेलकम!" मी आधी नीट चष्मा लावून बघितलं, खरंच हॉटेल आहे ना! मग त्या भल्यामोठ्या किचनमध्ये उंच टोपीवाल्या कुकांना रांगेत उभं केलं आणि मूठ कशी आवळायची ते दाखवलं. विल्सन सगळ्यात मागे. त्याचा फुगा अखेर गोल आला आणि मला रडू फुटलं. चौघं एकाच छपराखाली राहणार होतो ना आता!

घरी येताना कोटावरचा बिल्ला तसाच राहिला होता. मला काही वाचता येत नाही, पण पितळेचा होता, चकाकत होता. छाती काढून रियाला विचारलं, "बघ, काय पद दिलंय मला? मोठी शेफ का?"

तिनं वाकून वाचलं आणि जमिनीवर बसून हसायला लागली.

"आजी, शिल्लक राहिलेला बिल्ला दिला तुला. यावर 'ट्रेनी' लिहिलंय."

"म्हणजे?"

"म्हणजे तू अजून शिकते."