कागद जमिनीवर ठेवणार नाही

"पट्टा काढ," नाझर, कचेरीचा वरचा कारकून, म्हणाला.

तालुक्याच्या कचेरीचं भर अंगण. फिर्यादी, वकील, गाडीवान, सगळे बघत होते. पितळी बिल्ल्याचा चपराशाचा पट्टा मी कमरेचा सोडला आणि त्याच्या हातात द्यायला गेलो. नाझर मागं सरला.

"खाली टाक. एवढं झालं तरी अक्कल न्हाई आली."

लोक हसले. ते हसू आठवलं की आजही अंगाचा तिळपापड होतो.

माझा गुन्हा सांगतो. निजामाचं राज्य. कचेरीची समन्सं गावोगाव पोचवायचं माझं काम. आणि मी महार. देशमुखांच्या दारात रीत अशी, की मी कागद जमिनीवर ठेवायचा, लांब व्हायचं, मग त्यांचा गडी उचलणार. सरकारचा शिक्का चालायचा, माझा हात चालायचा नाही. त्या दिवशी वारा सुटला होता. कागद ठेवला की उडायचा. मी धुळीत त्याच्यामागं पळायचो आणि ओसरीवर देशमुख पान चघळत मजा बघायचे. शेवटी माझं डोकं फिरलं. पायरी चढलो आणि समन्स त्यांच्या हातात दिलं.

लगेच मी मुअत्तल झालो. नोकरीतून काढलं नाही, पण काम बंद, पगार बंद. मला कुणी एका शब्दानं विचारलं नाही. मुअत्तल नोकराला वर अपील करता येतं, हे कचेरीत राहून ठाऊक होतं. अर्जनविसाकडून उर्दूत लिहून घेतलं आणि वाटेतल्या अर्धापुरावरून पायी जिल्ह्याची कचेरी गाठली.

तालुकदार साहेब, म्हणजे जिल्ह्याचे कलेक्टर, पडद्याआड बसायचे. बाहेर पेशकार, अर्ज आत नेणारा. कपाळाला गंध, बोली आमचीच. मी अपील पुढं केलं. त्यानं बोटानं उंबरा दाखवला.

"तिथं खाली ठिव अन् सर मागं. शिपाई उचलंल."

मी तसाच उभा. कागद खाली ठेवला नाही म्हणून तर मला घरी बसवलं होतं. आता खाली ठेवला तर अपिलात वाचायला उरलं काय? देशमुख बरोबर, मी चूक, हे मीच कबूल केलं असतं. कचेरी बंद होईपर्यंत उभा राहिलो. कुणी घेतला नाही.

घरी बसवेना. दारातून आत, आतून दारात. बायको चुलीपुढून म्हणाली, "आवो, ठिवा की खाली. कागदाला माती लागंल, पर लेकरायला भाकर तर मिळंल."

ज्वारी तळाला गेली होती. तिचं काय चुकत होतं? तरी मी तिच्यावर खेकसलो आणि पुन्हा वाट धरली.

पेशकार हसला. नामंजूरच व्हायचं असेल तर हातात दिलं काय अन् खाली ठेवलं काय, म्हणाला.

"नामंजूर करा," मी म्हणालो. "पर हातात घिऊन वाचा, मग करा."

आवाज चढला असावा. पडद्याआडून साहेबांनी विचारलं, "कौन है?"

"कोई नहीं, हुजूर," पेशकार म्हणाला.

"मैं हूँ," मी ओरडलो. "मुअत्तल चपराशी. अपील है."

शिपायांनी काठीनं ढकलत मला फाटकाबाहेर काढलं. अपील माझ्या मुठीत होतं, चुरगळलेलं. ते मी मांडीवर सरळ केलं. कचेरी रोज उघडते, मीही रोज येणार. त्यांनी फाडलं तर दुसरं लिहून आणणार. कागद त्यांना हातातच घ्यावा लागेल. मी तो जमिनीवर ठेवणार नाही.