तीन हजार टनांचं बाळ

विणकामाच्या पिशवीत लोकरीचे उरलेले तुकडे असतात. ते कुणाला टाकवत नाहीत, आणि एक ओढायला गेलं की बाकीचे सगळे गुंता होऊन बाहेर येतात. आमच्या मंडळाच्या किश्शांचं तसंच झालंय. परवा कल्याणला एका लग्नात कुणीतरी विचारलं, "काय हो सर, तुम्ही लोकांनी म्हणे बोट दत्तक घेतलीत?" मी हो म्हटलं आणि माझं ताट गार झालं. आइस्क्रीमसुद्धा गेलं!

तर मंडळ म्हणजे आमच्या सोसायटीचं विणकाम मंडळ. डोंबिवली पूर्व, मानपाडा रोड, दर गुरुवारी दुपारी तीन ते पाच, क्लब हाऊसमध्ये. चौदा बायका आणि मी. मी निवृत्त इतिहास शिक्षक. तिथे हौसेनं गेलेलो नाही! उजव्या अंगाला अर्धांगवायूचा हलका झटका येऊन गेला, डॉक्टर म्हणाले हाताला काही बारीक काम द्या. मंडळाची प्रमुख माझीच बायको, माधुरी. जन्मभर बँकेत ऑफिसर. ती म्हणाली, "बारीक काम ना? चला गुरुवारी." अपील वगैरे काही नसतं तिच्याकडे.

*

आता हिरावहिनींची ओळख करून देतो, कारण सगळं त्यांच्यापासून सुरू झालं.

हिराबाई पाटील मूळच्या इथल्याच. आमची बिल्डिंग ज्या भातशेतीवर उभी आहे ती त्यांच्या सासऱ्यांची. लहानपणी बापाची मासे पकडायची जाळी विणलेली, त्यामुळे मंडळात सगळ्यांत वेगवान हात त्यांचा. बाकीच्या बायका टाके मोजतात, त्या नुसत्या गप्पा मारतात आणि स्वेटर तयार होतो.

पण एका विषयावर गप्पा बंद. त्यांची मुलगी प्राजक्ता. दीड वर्षापूर्वी साखरपुड्याला आठ दिवस असताना तिला नौदलात भरतीचं पत्र आलं, आणि ती गेली. हॉल बुक झालेला, सातशे माणसांचं जेवण सांगितलेलं! तेव्हापासून वहिनी मुलीशी एक शब्द बोललेल्या नव्हत्या. तिचा फोन आला की उठून गच्चीत जायच्या. पाटीलशेठ बिचारे पार्किंगमध्ये गाडीच्या काचा वर करून मुलीशी बोलायचे. लोक म्हणायचे, साखरपुडा मोडल्याचा राग आहे. मला विचाराल तर ती भीती होती. ज्या बाईनं लहानपणी संध्याकाळी खाडीच्या काठावर उभं राहून बापाच्या होडीची वाट पाहिलीय, तिला पोरगी समुद्रावर गेलेली कशी रुचणार?

एका गुरुवारी मी सहज दुसऱ्या महायुद्धातली गोष्ट काढली. शिक्षकाला श्रोते मिळाले की राहवत नाही. म्हटलं, तेव्हा ब्रिटनमध्ये गावोगाव बचतीचे आठवडे व्हायचे. गावाला एक आकडा दिलेला असायचा. लोकांनी तेवढी बचत सरकारी रोख्यांत घातली की एक युद्धनौका त्या गावाची म्हणून दत्तक मिळायची. मोठ्या शहराला मोठी, लहान गावाला लहान. मग बायका खलाशांसाठी मोजे, टोप्या विणायच्या, शाळेतली मुलं पत्रं लिहायची, आणि बोटीकडून गावाला आठवण म्हणून एक लाकडी ढाल यायची.

माधुरी ताडकन म्हणाली, "मग आपणही घेऊ की एक!"

"कुठली?" मी विचारलं.

आम्हा पंधरा जणांना नौदलाच्या एकाच बोटीचं नाव ठाऊक होतं, आणि तेही पार्किंगमधून, पाटीलशेठच्या फोनवरून कळलेलं! सगळ्यांच्या सुया थांबल्या.

"मी तिचेशी बोलाची नाय," हिरावहिनी म्हणाल्या. "आताच सांगतंय."

"अगं हिरा, बोलायला कोण सांगतंय? तू फक्त विण."

वहिनींनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. "बोटीसाठी विनीन. पोरीसाठी नाय."

ठराव एकमतानं मंजूर!

*

माधुरीनं नौदलाच्या एका ऑफिसात फोन लावला. पलीकडे एक अतिशय सभ्य आवाज. "मॅडम, जहाज गोद देने का कोई प्रावधान नहीं है."

"तो आप प्रावधान बनाइए," माधुरी म्हणाली. "तब तक हम टोपी-मोजा कुछ बनाते हैं."

तीन पत्रं गेली, एक आलं. दत्तक वगैरे शब्द नाही, पण विणलेल्या वस्तू भेट म्हणून चालतील. पार्सल बोटीच्या नावानं पाठवा, पुढे आम्ही पोचवू. फक्त बोट कुठे आहे ते विचारू नका.

आता आली का पंचाईत! विणायचं काय? माधुरीनं पुन्हा फोन लावला. "जगह मत बताइए. सिर्फ बोलिए, ठंडी है कि गरमी?"

"मॅडम, ये भी नहीं बता सकते."

"अच्छा. आप खुद जाते, तो मफलर लेके जाते क्या?"

पलीकडचा माणूस हसला असावा. "मॅडम, मैं जाता तो टोपी ले जाता."

मे महिन्यात कानटोप्या! बायकांना पटेना. तेव्हा हिरावहिनी सुई न थांबवता म्हणाल्या, "माझा बापूस एप्रिलमधी पन कान बांधून जायचा. समुद्राचे वाऱ्याला वैशाख कलत नाय."

*

लोकरीसाठी पैसे उभे करायचे तर तेही ब्रिटिशांसारखेच करू, असं ठरलं. आठवडाभर कुणी रिक्षा करायची नाही. चालत जायचं आणि वाचलेलं भाडं डब्यात टाकायचं. त्या काळी तिकडे गावच्या चौकात मोठा फलक लावून बचत कुठवर आली ते दाखवायचे. म्हणून मी सोसायटीच्या नोटीस बोर्डावर चार्ट पेपर लावला. त्यावर सुंदर बोट काढली, आणि डब्यात पैसे वाढतील तसतसं बोटीखालचं निळं पाणी रोज थोडं वर चढवायचो. बाजूला तारीख आणि 'आजची पातळी'.

तळमजल्यावरचे कर्णिक तेव्हा नुकतेच राहायला आलेले. आधी शहाडला उल्हास नदीच्या अगदी जवळ राहायचे आणि दोनदा घरात पाणी शिरलेलं. शनिवारी सकाळी जिन्यात बघतो तर कर्णिक आणि दोन हमाल फ्रिज वर चढवतायत!

"अहो कर्णिक, हे काय?"

"काय म्हणजे? तुमची पातळी काल सत्तर टक्क्यांवर गेली!" ते घाम पुसत म्हणाले. "आणि सर, एक बोलू? सोसायटीनं बोटीची सोय केली हे फार चांगलं केलंत. शहाडला आम्हाला कुणी विचारलं नव्हतं."

खरं कळल्यावर रागावतील असं वाटलेलं. पण त्यांनी फ्रिज खाली नेला आणि हमालांना देऊन उरलेले सुटे पैसे आमच्या डब्यात टाकले. त्याच दिवशी पाणी शंभर टक्क्यांवर गेलं!

*

लोकर आणायला माधुरी आणि मी ठाण्याच्या बाजारात गेलो. उन्हानं डांबर चिकटत होतं. दुकानदार पंख्याखाली पेंगत होता. माधुरीनं गडद निळी लोकर होती तेवढी सगळी मागितल्यावर त्याची झोप उडाली. म्हातारा-म्हातारी आणि एवढी लोकर, त्यानं आपला हिशेब केला.

"नातवंड येणार वाटतं! अभिनंदन, अभिनंदन!"

"नातवंड नाही," माधुरी म्हणाली. "दत्तक घेतलंय."

"वा! फार मोठं मन लागतं त्याला. केवढं आहे बाळ?"

"तीन हजार टन."

त्यानं बिलात सूट दिली. का दिली, ते अजून कळलेलं नाही.

*

मग महिनाभर टोप्यांचं सत्र. खलाशांच्या डोक्यांची मापं कुणाकडे नव्हती, आणि मंडळात पुरुषाचं डोकं एकच! दर गुरुवारी दुपारी साडेतीनला, बाहेर अडतीस डिग्री, आणि मी एकामागून एक लोकरीच्या टोप्या घालून बसलेलो. क्लब हाऊसच्या काचेतून पोरं बघायची आणि पळायची. बायकोनं मला एवढं डोक्यावर घेतलेलं लग्नानंतर हे पहिल्यांदाच!

स्वतः मी त्या महिन्यात एक टोपी विणली. उजवा हात ऐकत नव्हता, टाके कधी घट्ट तर कधी ढिले. माधुरीनं ती उलटसुलट करून पाहिली आणि म्हणाली, "आहे. काहीतरी आहे."

हिरावहिनींनी बावीस टोप्या विणल्या. पण एकही माझ्या डोक्यावर घालून बघू दिली नाही.

"वहिनी, माप?"

"मना ठाव हाय."

आणि त्या दिवशी, दीड वर्षात पहिल्यांदा, त्यांच्या तोंडून मुलीबद्दल आपोआप काहीतरी निघालं. "गुडघ्यापर्यंत केस तिचं. तिसरीपासून मी तेल लावलाय. असला केस अख्ख्या मानपाड्यात नाय." मग त्यांच्या लक्षात आलं, आणि सुया अशा खडखडायला लागल्या की कुणाची पुढे विचारायची हिंमत झाली नाही.

*

पार्सल बांधायच्या दिवशी मी टोप्या मोजत होतो. वहिनींच्या ढिगातली पहिली उचलली तर मागच्या बाजूला एक गोल भोक.

"वहिनी, इथे टाका सुटलाय वाटतं."

"सुटू दे."

दुसरी उचलली. तिलाही भोक, तेवढंच, त्याच जागी. तिसरीलाही! बावीसच्या बावीस टोप्यांना मागे अंबाड्याएवढं भोक, आणि भोवती नीट काठ विणलेला. मी इतिहासाचा मास्तर, पुरावा समोर असूनही निष्कर्ष उशिरा निघतो. "अहो, हे खलाशी लोक, यांच्या डोक्याला वारा लागेल, आपण हे शिवून…"

माधुरीनं टेबलाखालून माझ्या उजव्या हाताला असा चिमटा काढला की तो पूर्ण बरा झालाय हे त्याच क्षणी सिद्ध झालं.

भोकं तशीच गेली. वहिनींनी पार्सलची दोरी स्वतः बांधली. जाळ्याची गाठ मारली, सुटता सुटणार नाही अशी. मग त्या गाठीवरून दोनदा हात फिरवला.

*

जून गेला, जुलै गेला. काही उत्तर नाही. वहिनी दर गुरुवारी आल्या की आधी नोटीस बोर्डाकडे बघायच्या, जसं काही बोट तिथेच येऊन लागणार आहे. नारळी पौर्णिमेला त्या रेतीबंदरला जाऊन खाडीत नारळ सोडून आल्या. "बोटीसाठी," असं आम्हाला आपण होऊन सांगितलं.

त्याच्या पुढच्या गुरुवारी कर्णिक क्लब हाऊसमध्ये पळत आले. हातात पार्सल. "आली! बोट आली!"

आत एक लाकडी ढाल होती, बोटीचं चिन्ह कोरलेली. बायकांनी टाळ्या वाजवल्या. खाली एक पत्र. माधुरीनं मोठ्यानं वाचलं. बोट सुखरूप बंदरात परत आली आहे. कुठल्या बंदरात, ते लिहिता येत नाही. रात्रपाळीला डेकवर टोप्यांचा फार उपयोग झाला. 'आपण किटली झाकण्यासाठी जी वस्तू पाठवलीत तिच्यामुळे चहा तासभर गरम राहतो, त्याबद्दल विशेष आभार.'

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. असू दे. उपयोगी पडली ना!

माधुरी पुढे वाचू लागली आणि तिचा आवाज जरा हळू झाला. 'मागे गोल असलेल्या बावीस टोप्या कुणासाठी आहेत, हे आमच्यातल्या एका सेलरनं पार्सल उघडताच ओळखलं. तिनं एक ठेवून बाकीच्या वाटून टाकल्या. सोबत फोटो पाठवत आहोत. सुरक्षेच्या नियमांमुळे चेहरे दाखवता येत नाहीत, म्हणून सगळे पाठमोरे उभे आहेत.'

फोटोत डेकवर तीन रांगांत बावीस जण, समुद्राकडे तोंड करून. डोक्यावर बावीस निळ्या टोप्या, आणि प्रत्येक भोकातून दिसणारं बारीक कापलेल्या केसांचं वर्तुळ. आम्ही सगळे अंबाडा शोधत होतो. पहिली रांग, दुसरी, तिसरी. एकाही भोकातून अंबाडा बाहेर आलेला नव्हता.

हिरावहिनींनी फोटो हातात घेतला. चष्मा लावला नाही. मधल्या रांगेत डावीकडून चौथ्या पाठीवर नख टेकवलं.

"ही."

"कशावरून?" मी विचारलं.

"खांदा बघा ना, सर. डावा वर हाय. दप्तर त्याच खांद्यावर न्यायची. कितींदा सांगितला, दोनी खांद्यावर घे, दोनी खांद्यावर घे."

त्यांनी ते भोक आणि त्यातले आखूड केस जवळ धरून पुन्हा पाहिले. मग पिशवीतून फोन काढला. बाहेर गेल्या नाहीत, गच्चीत गेल्या नाहीत. तिथेच, आम्हा सगळ्यांच्या देखत नंबर लावला. रिंग आम्हालाही ऐकू येत होती.

पलीकडून आवाज आला, "आई?"

"कोनाला इचारून केस कापलंस गो?"

पलीकडून एक आवाज आला, हसण्याचा की रडण्याचा ते मला कळलं नाही. वहिनींनी फोन कान आणि खांद्यामध्ये दाबून धरला, पिशवीतून निळ्या लोकरीचा गुंडा काढला आणि सुईवर पहिला टाका घातला.

"बरां, रडू नको. डोक्याचा माप सांग."