बारनिशीचा नंबर

पश्चिम खानदेशातल्या एका तालुक्याच्या कचेरीत मी बारनिशीला होतो. आलेल्या प्रत्येक कागदावर शिक्का मारायचा, त्याला नंबर द्यायचा आणि रजिस्टरात चढवायचा, एवढंच काम. आई तिकडे रावेरला एकटी. तिचे डोळे जात चालले होते आणि केळीचा मळा सोडून यायला ती तयार नव्हती. तिच्याजवळ राहायचं तर मला बदली हवी होती, तीही जिल्हा ओलांडून. रजेवर गेलो की दर खेपेला तिला आणखी कमी दिसे. म्हणायची, "तुहं तोंड दिसतं तोवर ये रे भाऊ."

मी अर्ज लिहिला. पण आपला कागद आपल्या हातानं चढवायचा नाही, असा आमच्याकडे शिरस्ता. म्हणून तो अव्वल कारकुनांच्या टेबलावर ठेवला. "आबा, एवढा तुमच्या हातानं चढवा," म्हणालो. त्यांनी मान हलवली. पुन्हा विचारायला मला भीड वाटली. असल्या भिडेपायी माणूस किती मूर्ख होतो, ते माझ्याकडून ऐका. वर्ष गेलं. माझ्या मागून अर्ज केलेल्या दोघांच्या बदल्या झाल्या, माझ्या अर्जाला साधं उत्तर नाही.

शेवटी धुळ्याच्या एका वकिलांनी दावा लावून दिला. मग तारखा. एसटीनं जायचं, कोर्टाच्या बाकावर बसायचं, पुकारा झाला की उठायचं आणि पुढची तारीख घेऊन परतायचं. असं आणखी एक वर्ष गेल्यावर न्यायाधीशांनी विचारलं,

"अर्जाचा आवक नंबर काय?"

मी माझ्या वकिलांकडे पाहिलं. सरकारी वकील म्हणाले, असा अर्ज कचेरीत आल्याची नोंदच नाही.

"तुम्ही कचेरीत काय काम करता?" न्यायाधीशांनी मला विचारलं.

"बारनिशी, साहेब."

कोर्टात हशा पिकला. मीही हसलो असतो, पण अंगात तेवढंही त्राण उरलं नव्हतं.

निकाल लागला. बदली द्यायची की नाही हे सरकारनं ठरवावं, कोर्ट त्यात पडणार नाही. मात्र नवा अर्ज आला तर तो मुदतीत निकाली काढावा. कचेरीतला म्हातारा शिपाई म्हणाला, "भाऊ, बठ्ठासना कागद तुम्ही लिखतस, तुम्हनाच कसा राही गया?" खरंच, सगळ्यांचे कागद चढवणारा मी, माझाच तेवढा राहून गेला होता. त्या दिवशी शिरस्ता गेला चुलीत. नव्या अर्जावर मी माझ्या हातानं नंबर टाकला.

मधल्या रजेत आईला सगळं सांगितलं. नंबरावाचून दोन वर्षं गेली, हे तिला काही केल्या समजेना.

तीन महिन्यांनी हुकूम आला. रावेरला पोचलो तेव्हा ती ओट्यावर बसली होती. पावलांवरून तिनं मला ओळखलं, पण तोंड भलतीकडेच वळवलं. मी हुकूम तिच्या हातात दिला. तिनं तो बोटांनी वरपासून खालपर्यंत चाचपला.

"याच्यावर नंबर हाये ना रे?" तिनं विचारलं.